नळ, लग्न आणि लोला

पहाटे 5. आज पाण्याचा दिवस. आमच्या सिडकोत नळ रोज येत नाही. टाकी, पिंप, कळशा भरता भरता मधेच कॉम्प्युटरकडे डोकावलो. रात्री रेंडरला लावलेलं लग्न वीज गेल्याने अर्ध्यावरच थांबलेलं.

सकाळी 9. उस्मानपुऱ्यातल्या एका गल्लीत माझी खोली आहे, तिला मी स्टुडिओ म्हणतो. तीन कॅमेरे, एक ड्रोन, 11 तासांचं फुटेज. लग्नात क्लॅप कोण देणार? मी ताशाची पहिली काडी पकडतो आणि तिन्ही कॅमेरे तिच्यावर सिंक करतो. बँडवाल्यांना हे उपकार ठाऊकही नसतील.

11. नवरीच्या मामांचा फोन. "भाऊ, आमचा आहेर कापू नका बरं." आहेर 9 मिनिटांचा आहे. "नाही कापत, मामा," म्हटलं. साफ खोटं.

दुपारी 1. भाकरी, पिठलं, ठेचा. जेवताना दरवेळी लोला आठवते, का ते सांगता येत नाही. होस्टेलात असताना सीडीवर ‘रन लोला रन’ पाहिला, 1998 चा जर्मन सिनेमा. लोलाच्या हाती 20 मिनिटं, तेवढ्यात एक लाख मार्क आणायचे. तीच धावपळ तीनदा दिसते, तरी तिसऱ्यांदाही आपण खुर्चीच्या टोकावर. जोडलाय कुणी, म्हणून शेवटची पाटी थांबवून वाचली: मातिल्ड बोनफ्वा. दिग्दर्शक टॉम टिक्वरचं नाव मित्रांना पाठ होतं, हिचं एकालाही नाही. पुढे स्नोडेनवरच्या ‘सिटिझनफोर’ या माहितीपटाची ती संकलक आणि एक निर्माती झाली. त्याला ऑस्कर मिळालं.

आपल्याकडचं काय वेगळं आहे म्हणा! मालाडच्या बॉम्बे टॉकीजमध्ये दिग्दर्शक फ्रांझ ऑस्टेन आणि कॅमेरामन जोसेफ वीर्शिंग हे दोघे जर्मन. त्याच स्टुडिओचे संकलक दत्ताराम पै. 1943 चा ‘किस्मत’ त्यांनी जोडला. अशोककुमार सगळ्यांना आठवतो.

3:30. विद्यापीठाच्या नाट्यशास्त्र विभागातला एक पोरगा आला. ऊसतोड कामगारांवरची शॉर्टफिल्म, 22 मिनिटांची, 15 मध्ये बसवायची.

"सर, हा शॉट ठेवा. यासाठी चार किलोमीटर चाललोय."

"तुझं चालणं पडद्यावर दिसतंय का?"

तो गप्प झाला. त्याला सगळं लोलासारखं पळवायचं होतं. लोला पळते कारण तिच्या डोक्यावर घड्याळ आहे; ह्याची बाई उसाच्या फडाकडे नुसती बघत बसलीय. मी त्याला व्हिम वेंडर्सच्या ‘पॅरिस, टेक्सास’चा तुकडा दाखवला. संकलन पेटर प्रिगोडाचं. वेंडर्सबरोबर त्याने वर्षानुवर्षं काम केलं. कात्री हातात असूनही तो थांबतो. पोरगा थोडा वेळ पाहत राहिला, मग म्हणाला, "मग बाईला अजून थोडं बसू द्या ना, सर." चालण्याचा शॉट त्याने स्वतःच काढला. फिल्म 16 मिनिटांवर आली. उरलेल्या एका मिनिटाचं भांडण उद्या.

संध्याकाळी 7. लाईट गेली, यूपीएस ओरडायला लागला. आधी सेव्ह, मग मेणबत्ती.

रात्री 10:40. लग्न पुन्हा रेंडरला लावलं. लावण्याआधी आहेर परत पाहिला. पाकीट देताना मामांनी हळूच डोळे पुसलेत, हे सकाळी सुटलं होतं. तेवढे 14 सेकंद ठेवले.