दोष कानांचा

दत्तजयंतीच्या घोडेबाजारासाठी प्रसिद्ध असलेल्या तापीकाठच्या सारंगखेड्यात पाश्चात्त्य अभिजात संगीत ही दूरचीच गोष्ट. बीथोवेनची सिंफनी लागताच ‘हे आपले नव्हे’ म्हणून रेडिओ बंद करणारे मात्र केवळ तेथेच नव्हे, महानगरांतही भेटतील. परंतु त्याच रेडिओवर पिढ्यान्‌पिढ्यांची सकाळ शिवरंजनीच्या ज्या संकेतधुनीने उजाडली, तिच्या रचनेचे श्रेय एका युरोपीय संगीतकाराला दिले जाते.

वॉल्टर कॉफमन हे १९०७ मध्ये बोहेमियातील कार्ल्सबाड येथे जन्मलेले ज्यू. हिटलर सत्तेवर आल्यानंतर, १९३४ मध्ये, ते मुंबईस आले. भारतीय संगीताच्या ध्वनिमुद्रिका त्यांना प्रथम अगदी परक्या वाटल्या होत्या. पण लक्षावधी लोक ज्यावर प्रेम करतात ते निरर्थक कसे असेल? दोष आपलाच, असे मानून ते शिकू लागले. मुंबईत त्यांनी पाश्चात्त्य संगीताच्या मैफलींसाठी संस्था स्थापिली, नभोवाणीवर काम केले. १९४६ मध्ये त्यांनी भारत सोडला. रागांचा ध्यास सोडला नाही. उत्तर भारतीय रागांवरील त्यांचा ग्रंथ १९६८ मध्ये अमेरिकेत प्रसिद्ध झाला.

हा विनय एकतर्फी राहू नये. बाख, मोझार्ट, बीथोवेन यांना परके ठरविण्यापूर्वी आपणही एकवार आपल्याच कानांची परीक्षा घ्यावी.