सोबतीचा धीर
लेखमाला : भयाची बाराखडी (भाग सहावा)

मागच्या भागात आपण भीतीने शरीरात काय होते ते पाहिले. छाती धडधडते, तोंडाला कोरड पडते, पाय एक तर पळू पाहतात, नाही तर जागीच खिळतात. ही सगळी यंत्रणा क्षणभराच्या संकटासाठी आहे. पण संकट रोजचेच असेल आणि कामाची वाटही तिथूनच जात असेल, तर माणूस बळ कुठून आणतो? या प्रश्नासाठी आज बिबट्याच्या सावटाखाली जगणाऱ्या, पुणे जिल्ह्यातल्या शिरूर तालुक्यात जाऊ, केंदूर-पाबळच्या बाजूला.

संत कान्हूराज महाराजांचे केंदूर हे मूळचे ज्वारी-बाजरीचे, पावसाकडे डोळे लावून बसणारे गाव. वेळ नदी पावसाळ्यापुरती. तालुक्याच्या उत्तरेला मात्र घोड आणि कुकडीच्या काठी धरणांचे पाणी आले आणि पाण्यामागून ऊस आला. बारा ते अठरा महिने उभा राहणारा ऊस म्हणजे बिबट्याला आयते रान. आत गारवा, आडोसा, पाणी. बाहेर वस्त्यांवरची कुत्री, शेळ्या, कालवडी. माद्या उसातच विऊ लागल्या. उसात जन्मलेल्या बिबट्याला डोंगरातले जंगल ठाऊकच नसते. उसाचा फड हेच त्याचे घर. तोडणी सुरू झाली की ते घर मोडते. पिल्ले उघडी पडतात, मादी सैरभैर होते आणि फडाशेजारच्या कोपीत ऊसतोड कामगारांची लेकरे झोपलेली असतात. जुन्नर, आंबेगाव, खेड आणि शिरूर या चार तालुक्यांच्या जुन्नर वनविभागात ही स्थिती दोन दशकांहून जुनी आहे.

२०२५च्या ऑक्टोबर-नोव्हेंबरमध्ये या भीतीने टोक गाठले. शिरूरमधल्या पिंपरखेड-जांबूत परिसरात सुमारे तीन आठवड्यांत दोन मुले आणि एक वृद्ध महिला बिबट्याच्या हल्ल्यात गेली. लोकांनी पुणे-नाशिक महामार्ग अडवला, वनखात्याची गाडी पेटवली. पुढे एका बिबट्याला गोळी घालण्यात आली. त्याच सुमारास काही जण गळ्यात खिळ्यांचे पट्टे घालून शेतात जाऊ लागले. असे पट्टे एरवी धनगराच्या कुत्र्याच्या गळ्यात दिसतात. ते चित्र पाहून शहरातल्या काहींना हसू आले असेल. पण त्या पट्ट्याकडे नीट पाहायला हवे. घरात बसून राहणे परवडत नाही आणि भीती तर खरी आहे, अशा माणसाने स्वतःच्या हाताने काढलेला तो तोडगा आहे. बिबट्या मान धरतो, हे त्याला माहीत आहे.

धैर्याची पहिली पायरी इथेच दिसते. भीती गेल्याशिवाय पाऊल टाकायचे नाही असे ठरवले, तर पाऊल कधीच पडणार नाही. घाबरलेला माणूसच धीराचे काम करतो. ज्याला भीती वाटत नाही त्याला धीर लागतच नाही. स्टॅन्ली रॅकमन या मानसशास्त्रज्ञाने उत्तर आयर्लंडमध्ये बॉम्ब निकामी करणाऱ्या सैनिकांचा अभ्यास केला. ते जन्मतःच वेगळ्या मातीचे असतील, अशी आपली समजूत असते. पण त्यांच्या धीरामागे मोठा वाटा प्रशिक्षणाचा, हातातल्या कौशल्यावरच्या विश्वासाचा आणि सोबतच्या तुकडीचा होता.

बिबट्याच्या मुलखात हे कौशल्य म्हणजे त्या जनावराची माहिती. उभ्या माणसाला तो सहसा टाळतो. वाकून गवत कापणारी बाई, उघड्यावर शौचाला बसलेला माणूस किंवा अंगणात खेळणारे मूल त्याच्या नजरेला लहान सावज वाटू शकते. म्हणून संध्याकाळनंतर मुलांना एकटे सोडायचे नाही, गोठा बंदिस्त ठेवायचा, चालताना मोठ्याने बोलायचे किंवा मोबाइलवर गाणी लावायची. समोर आलाच तर पाठ फिरवून पळायचे नाही. ताठ उभे राहून, हात वर करून, आरडाओरडा करत हळूहळू मागे सरायचे. उसात पिल्ले सापडली तर ती उचलून गावभर मिरवायची नाहीत. वनखाते ती संध्याकाळी त्याच जागी ठेवते आणि पुष्कळदा मादी येऊन त्यांना घेऊन जाते. हे ज्याला ठाऊक आहे त्याची भीती नाहीशी होत नाही, पण तिला आकार येतो. कुठे घाबरायचे आणि कुठे नाही, हे त्याला कळते.

आकार नसलेली भीती काय करते, याचा धडा याच भागात मिळालेला आहे. ‘पिंजरा लावा आणि इथून न्या’ ही मागणी स्वाभाविक आहे. या शतकाच्या सुरुवातीला जुन्नर भागात तेच झाले. बिबटे मोठ्या संख्येने पकडून दुसरीकडे सोडले गेले. वन्यजीव अभ्यासक विद्या अत्रेय आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी नंतर हिशेब मांडला. माणसांवरचे हल्ले आधी वर्षाला सरासरी ४ होते, ते त्या काळात १७ वर गेले. अनोळखी मुलखात सोडलेले, पिंजऱ्यातून गेलेले जनावर अधिक धोक्याचे ठरले असावे. घाईने केलेल्या उपायाने दिलासा मिळाला, सुरक्षितता नाही. म्हणून हल्लेखोर ठरलेल्या जनावराला जेरबंद करणे वेगळे आणि दिसेल तो बिबट्या उचलणे वेगळे.

आता सोबतीकडे येऊ. रात्रीची लाईट असली की पिकाला पाणी द्यायला निघालेला शेतकरी शेजारच्या वस्तीकडे हाक मारतो, “दादा, दारं धरायला निघालोय, येतोस का?” दोघांपैकी कुणाकडेही बंदूक नसते. एक बॅटरी, एक काठी. तरी पाऊल उचलते. २००६ साली मानसशास्त्रज्ञ जेम्स कोन यांच्या एका प्रयोगात १६ विवाहित स्त्रियांना विजेचा सौम्य झटका बसण्याची धास्ती देऊन त्यांच्या मेंदूच्या प्रतिमा घेतल्या गेल्या. नवऱ्याचा हात हातात असताना मेंदूतली धोक्याची हालचाल कमी झाली. अनोळखी माणसाच्या हाताचाही थोडा उपयोग झाला. प्रयोग लहान होता, पण आपल्या वस्त्यांवरच्या अनुभवाशी तो जुळतो. ज्याला आपण आतले बळ म्हणतो, त्यातले बरेचसे बाहेरून, दुसऱ्याकडून येते.

आणखी एक निरीक्षण रॅकमन यांचेच. दुसऱ्या महायुद्धातल्या बॉम्बहल्ल्यांमध्ये ज्यांच्यावर इतरांना मदत करण्याची जबाबदारी होती, त्यांची स्वतःची भीती अनेकदा आटोक्यात राहिली. वस्तीवरही हे करून पाहता येते. पोरांना शाळेतून आणण्याची पाळी, वनखात्याला फोन करण्याची जबाबदारी, जनावर दिसले की गर्दी हटवण्याचे काम, हे वाटून घेतले की भेदरलेला माणूसही कुणाचा तरी आधार होतो. गर्दी हटवणे तर फारच मोलाचे. चारी बाजूंनी कोंडलेला बिबट्या वाट काढायला माणसांवरच झेप घेतो.

मात्र इथे थांबले तर हा लेख अर्धवट राहील. धीर धरा असे सांगणे सोपे असते, विशेषतः ज्याला मध्यरात्री उसात जायचे नसते त्याला. शेतकरी रात्री पाणी भरतो ते हौसेने नव्हे, थ्री फेज वीज बऱ्याचदा रात्रीच्या पाळीत येते म्हणून. दिवसा वीज, बंदिस्त गोठे, वस्तीपर्यंत दिवे, घरात शौचालय आणि ऊसतोड कामगारांच्या मुलांना रात्री सुरक्षित निवारा, एवढे झाले तर या मुलखात रोज लागणाऱ्या धैर्याची गरज बरीच कमी होईल. सौर कृषी वाहिन्यांतून दिवसा वीज देण्याची योजना राज्यात सुरू आहे; बिबट्याच्या पट्ट्यातल्या गावांचा क्रम त्यात आधी लागावा, ही मागणी धीर सुटल्याचे लक्षण नव्हे. महामार्गावर बसून ती करायलाही धीर लागतोच. माणसाचे धैर्य ही मोठी गोष्ट आहे. विजेच्या एका वेळापत्रकाने जे भागेल त्यासाठी ते खर्ची घालू नये.

(पुढील भागात : भीतीनंतरची झोप. हल्ला पाहिलेल्या मुलांशी मोठ्यांनी कसे बोलावे?)