रात्री पांढरी, सकाळी गुलाबी!

अरे, इकडे ये ना जरा! एक गंमत दाखवायची आहे. पण आत्ता नाही हं. दिवेलागणीला!

तुझ्या गल्लीत मधुमालतीची वेल नक्की असेल. कुणाच्या फाटकावर, शाळेच्या कुंपणावर, नाहीतर दवाखान्याच्या कमानीवर. तिच्याखाली जाऊन उभं राहायचं आणि मान वर करायची. काय दिसेल, सांग बघू?

एकाच घोसात पांढरी फुलं, गुलाबी फुलं आणि लालचुटुक फुलं!

मला लहानपणी वाटायचं, कुणीतरी तीन वेली एकमेकींना बांधून ठेवल्यात. माझं आजोळ बुलढाणा जिल्ह्यातलं, मेहकरचं. उन्हाळ्याच्या सुट्टीत आम्ही सगळी भावंडं अंगणात बाजा टाकून झोपायचो. फाटकावर ही वेल. रात्र झाली की असा गोड वास सुटायचा! आम्ही घोस ओढायला गेलो की आजी बाजेवरूनच ओरडायची, "कायले तोडता रे पोट्टेहो? रातच्याले वास येऊ द्या नं!"

एकदा मामेबहिणीनं पैज लावली. "हे पांढरं फूल उद्या पांढरं राहणार नाही." मी म्हटलं, "हॅट्! फूल काय शर्ट बदलतं का?" पैज होती पाच चिंचांची. आजीच्या शिवणाच्या डब्यातून हिरवा दोरा आणला आणि नुकत्याच उमललेल्या एका पांढऱ्या फुलाला हळूच बांधला.

सकाळी डोळे चोळत पळत गेलो. हिरवा दोरा तिथंच होता. फूल मात्र फिकट गुलाबी! दुपारपर्यंत चांगलं गुलाबी. आणि तिसऱ्या दिवशी? लाल! वर मान खाली घालून लोंबणारं.

चिंचा गेल्या. पण तो दोरा मी अजून विसरलेलो नाही.

म्हणजे तीन वेली नव्हत्याच! एकाच वेलीची, वेगवेगळ्या वयाची फुलं होती ती. पांढरं म्हणजे आजचं, गुलाबी म्हणजे कालचं, लाल म्हणजे त्याच्याही आधीचं. घोस बघून तू फुलांची वयं सांगू शकतोस की!

आता प्रश्न असा, की फुलाला हा उद्योग सांगितलाय कुणी?

त्याचं असं आहे, की मधुमालतीकडे पाहुणे दोन पाळ्यांत येतात. शाळा कशी, सकाळची आणि दुपारची? तसंच. फक्त इथं पहिली पाळी रात्रीची!

कळी उमलते संध्याकाळी. त्या वेळी फूल पांढरं असतं, कारण अंधारात पांढरंच उठून दिसतं. लाईट गेल्यावर घरात काय दिसतं ते आठव. लाल उशी दिसत नाही, पांढरा टॉवेल दिसतो. वर वासही सुटलेला! मग येतो हॉक मॉथ नावाचा गलेलठ्ठ पतंग. तो फुलावर बसत नाही. हेलिकॉप्टरसारखा हवेतच थांबतो आणि जीभ बाहेर काढतो. जीभ केवढी? एरवी ती तोंडाखाली चकलीसारखी गुंडाळून ठेवावी लागते, एवढी!

आणि ती लागतेच. मधुमालतीचं एक फूल हातात घेऊन बघ. पाकळ्यांच्या मागं जी लांब हिरवट दांडी दिसते ना, ती नुसती दांडी नाही. ती पोकळ नळी आहे! पाच ते सात सेंटीमीटर लांब, साधारण तुझ्या करंगळीएवढी. गोड रस असतो पार तळाशी. उसाच्या रसाच्या उंच ग्लासात तळाशी घोटभर रस उरलाय आणि स्ट्रॉ आखूड आहे, तर कशी पंचाईत होते? तीच पंचाईत इथं मधमाशीची. हॉक मॉथकडे मात्र लांब स्ट्रॉ असतो.

दिवस उजाडला की पाळी बदलते. फूल गुलाबी, मग लाल होतं. आता येतात मधमाश्या, फुलपाखरं, कधीकधी इवलासा शिंजीर पक्षीसुद्धा. मधमाशीला तळचा रस मिळत नाही, पण ती काही रिकाम्या हातानं जात नाही. परागकणांचा पिवळा भुगा घेऊन जाते.

एकच फूल, दोन गणवेश!

बरं, हा रंग येतो कुठून? जांभळं खाल्ल्यावर तुझी जीभ कशी होते? त्या जांभळ्या रंगाचं नाव अँथोसायनिन. फूल जुनं होतं तसा याच जातीचा रंग त्याच्या पाकळ्यांत तयार होतो. आधी चिमूटभर, मग जास्त, मग आणखी जास्त. म्हणून आधी गुलाबी आणि मग लाल. बाहेरून कुणी काही ओतत नाही. सगळा रंगकारखाना पाकळीच्या आत!

रंग बदलण्यावरून आठवलं. मेहकरहून लोणार जवळच. तिथलं उल्केच्या धडकेनं झालेलं सरोवर जून २०२० मध्ये असंच गुलाबी झालं होतं! पण तिथली गोष्ट वेगळी. पुण्याच्या आघारकर संशोधन संस्थेनं पाणी तपासलं, तेव्हा त्यात खारट पाण्यात मजेत राहणारे गुलाबी रंगाचे सूक्ष्मजीव सापडले. म्हणजे सरोवर रंगलं ते पाहुण्यांमुळे. मधुमालती रंगते ती पाहुण्यांसाठी!

आता ऐक तिच्या नावाची गोष्ट. ही मला सगळ्यात जास्त आवडते.

साडेतीनशे वर्षांपूर्वी इंडोनेशियातल्या अंबोन बेटावर रुम्फियस नावाचा माणूस राहायचा. झाडांचं वेड होतं त्याला. १६७० मध्ये त्याची दृष्टी गेली, तरी त्यानं झाडांवरचं पुस्तक सोडलं नाही. तो बोलायचा आणि दुसरे लिहून घ्यायचे. त्याला ही वेल भेटली आणि तो चक्रावला. लहानपणी ती झुडपासारखी सरळ उभी असते. मग अचानक तिच्या मनात काय येतं कोण जाणे, ती वेल होऊन चढायला लागते! शिवाय तिथल्या लोकांच्या तोंडचं नाव होतं 'उदानी'. ते डच भाषेतल्या 'कसलं?' या शब्दासारखं ऐकू यायचं. मग त्यानं लॅटिनमध्ये नावच ठेवून टाकलं, 'क्विसक्वालिस'. म्हणजे 'कोण? कसलं?'

वर्गात हजेरी घेताना बाई म्हणाल्या, "कोणकसलं?" आणि एक वेल म्हणाली, "हजर!" तर कसं वाटेल?

पुढं १७६२ मध्ये लिनियस या मोठ्या शास्त्रज्ञानंही हेच नाव घेतलं. आता शास्त्रज्ञ तिला 'कोम्ब्रेटम इंडिकम' म्हणतात. शहाण्यासारखं नाव आहे, पण मला जुनंच बरं वाटतं. आणि तिचे नातेवाईक माहीत आहेत? हिरडा, बेहडा, अर्जुन, धावडा! एवढ्या नाजूक वेलीचे काका-मामा असे धिप्पाड!

नावांचा गोंधळ मात्र अजून संपलेला नाही बरं. कधीकधी लोक हिलाच 'हनीसकल' म्हणतात. खरी हनीसकल वेगळी. आपल्या देशात तिच्या जाती मुख्यतः हिमालयात उगवतात. तिच्या फुलाला दोन ओठ असतात, जांभई दिल्यासारखे. मधुमालतीच्या पाच पाकळ्या एकसारख्या, चांदणीसारख्या. गंमत बघ, हनीसकलच्या काही जातीही रंग बदलतात. पांढऱ्याच्या पिवळ्या होतात!

दुसरी एक आपल्या रानातली वेल आहे, माधवी. नाव सारखं वाटतं म्हणून फसू नकोस. तिच्या पाकळ्यांच्या कडा झालरीसारख्या कातरलेल्या असतात आणि एका पाकळीवर पिवळा डाग. तिच्या फळाला तीन पंख असतात. वर फेकलं की भिरभिरत खाली येतं!

मधुमालतीची आणखी एक खूण तुझ्या शर्टाला सापडेल. पान गळतं, पण देठाचा तळ फांदीवर तसाच राहतो आणि कडक होऊन काटा बनतो. दप्तर अडकवायच्या खुंटीसारखा! या खुंट्या अडकवत अडकवत ती वर चढते. माझ्या दोन बाह्या फाटल्यात तिच्यापायी.

लावायची आहे का तुला? बी शोधत बसू नकोस, आपल्याकडे तिला फळं क्वचितच धरतात. पाऊस सुरू झाला की मोठ्या माणसाच्या मदतीनं पेन्सिलएवढी जाड, वीतभर लांब फांदी काप. तिच्यावर तीन-चार डोळे हवेत. डोळे म्हणजे पानं फुटतात ती गाठ. खालचा काप तिरका घे. कुंडीत माती, थोडी वाळू आणि थोडं शेणखत. दोन डोळे मातीत, बाकीचे वर. उलटी खोचू नकोस हं, मी एकदा खोचली होती! कुंडी सावलीत ठेव आणि माती ओलसर ठेव, चिखल नको. मुळं धरली की उन्हात हलव. भरपूर ऊन मिळालं तरच ती भरभरून फुलते. फुलं मात्र तोंडात घालायची नाहीत, ती पतंगांसाठी आहेत.

आणि एक आधीच सांगून ठेवतो. सुरुवातीला ती चढणारच नाही. नुसती झुडपासारखी उभी राहील. येता-जाता शेजारच्या काकू थांबतील, वाकून बघतील आणि विचारतील, "कोण हे? कसलं झाड?"

तेव्हा हसू आवर आणि सांग, "काकू, बरोब्बर! हेच नाव आहे तिचं!"