चाळीस होळ्यांचा पुरावा

नर्तक अस्ताद देबूंच्या नाचाचं चित्रीकरण मोबाइलवर बघत होतो. पायघोळ अंगरखा, एकाच जागी गिरकी, आणि तीही इतकी संथ की बघणाराच दमावा. शेजारी तांड्यावरचा ओळखीचा पोरगा होता. म्हणाला, "सर, आमचा बुढा याच्याहून सावकाश फिरते." म्हणून होळीआधी आर्णीजवळच्या त्या बंजारा तांड्यावर लेंगीची, म्हणजे होळीच्या नाचगाण्याची, तालीम बघायला गेलो.

जेवणं उरकून माणसं नायकाच्या घरासमोर जमली. पऱ्हाटीचा जाळ करून डफ शेकले. तापल्या चामड्याचा तो वास पुढे शर्टातून लवकर गेला नाही. एकानं ओळ उचलायची, बाकीच्यांनी झेलायची आणि गोल फिरत राहायचं. पुण्याहून सुट्टी काढून आलेली पोरं उड्या मारत होती. बुढा मात्र गुडघ्यात वाकलेला. पाऊल टेकवण्याआधी तो ते अधांतरी धरायचा. डफ पुढे निघून जायचा, हा मागे, आणि अगदी शेवटच्या ठोक्याला दोघं एकत्र. चुकायची ती पोरंच.

किती वर्षं नाचता, विचारलं. "चाळीस होळ्या." वय विचारलं. "लेंगी धरून चाळीस होळ्या झाल्या, आता तुम्हीच मोजा."

हे थांबणं बापाकडून आलं का? "नाही जी. बाप उडी घे. माह्या गुडघा दुखाले लागला, मंग म्या उडी सोडली अन् पाय थांबवाले लागलो."

देबू 1947 साली नवसारीत जन्मले, लहानपणीच कथक शिकले. 1969 मध्ये देशाबाहेर पडले, लंडनला मार्था ग्रॅहॅमचं नृत्यतंत्र घेतलं, नृत्यरचनाकार पीना बाउश यांच्याकडे काम केलं, परतल्यावर कथकळी शिकले. सुरुवातीला इथल्यांना ते परके वाटत, तिकडच्यांना पुरेसे भारतीय वाटत नसत. पुढे मणिपूरचे पुंग हा ढोल वाजवणारे वादक आणि कर्णबधिर मुलं यांना घेऊन त्यांनी काम उभं केलं. 1995 मध्ये संगीत नाटक अकादमी पुरस्कार, 2007 मध्ये पद्मश्री. 2020 च्या डिसेंबरात ते गेले. मान कष्टानं मिळवलेला, त्याबद्दल वाद नाही. पण ज्याच्या नावाची पत्रिका छापली जाते त्याचाच तेवढा प्रयोग, हे मला पटत नाही. दुखऱ्या गुडघ्यातून बुढ्यानं नवं पाऊल काढलं. याला प्रयोग नाही तर दुसरं काय म्हणायचं?

ज्येष्ठ कलावंतांसाठी राज्य सरकारची मानधन योजना आहे. अर्जाला कलेचे पुरावे जोडावे लागतात: प्रमाणपत्रं, कात्रणं, फोटो. बुढ्याकडे चाळीस होळ्या आहेत, कात्रण एकही नाही. होळीला तांड्यावर जाणार असाल तर फोटो नुसता मोबाइलमध्ये ठेवू नका. छापून घ्या, मागे नाव, गाव, तारीख लिहा आणि नाचणाऱ्याच्या हातात द्या.