पोस्ट- (इंग्रजी उपसर्ग)

'पोस्ट-' हा इंग्रजी भाषेतील एक उपसर्ग असून तो लॅटिन भाषेतून आला आहे. 'नंतर' आणि 'मागे' हे त्याचे मूळ अर्थ होत. हा उपसर्ग लागलेला शब्द सामान्यतः एखादी घटना, अवस्था किंवा कालखंड यांच्या नंतरची स्थिती दर्शवितो. 'प्री-' (पूर्वीचा) हा त्याचा प्रमुख विरुद्धार्थी उपसर्ग आहे.

व्युत्पत्ती

या उपसर्गाचे काही शब्द लॅटिनमधून जवळजवळ तयार रूपात इंग्रजीत आले. 'पोस्टपोन' या शब्दाच्या मुळाशी 'नंतर ठेवणे' या अर्थाचे लॅटिन क्रियापद आहे. 'पोस्टस्क्रिप्ट' म्हणजे 'नंतर लिहिलेले', तर 'पोस्टमॉर्टेम' म्हणजे 'मृत्यूनंतर'. घड्याळाच्या वेळेपुढे येणारे 'पी.एम.' हे 'पोस्ट मेरिडिअम', म्हणजे 'मध्यान्हानंतर', याचे संक्षिप्त रूप आहे. 'पोस्टग्रॅज्युएट', 'पोस्टवॉर' यांसारखे इतर अनेक शब्द मात्र हा उपसर्ग जोडून आधुनिक काळात घडविले गेले.

'मरणोत्तर' या अर्थाच्या 'पॉस्च्युमस' या शब्दाचा इतिहास निराळा आहे. त्याचे लॅटिन मूळ 'सर्वांत शेवटचा' अशा अर्थाचे होते. पित्याच्या मृत्यूनंतर जन्मलेल्या अपत्यालाही ते लावले जाई. पुढे 'माती' या अर्थाच्या 'ह्यूमस' या शब्दाशी त्याचा चुकीचा संबंध जोडला गेला आणि त्याच्या वर्णलेखनात 'ह' शिरला. आजही तो लिहिला जातो, परंतु सामान्यतः उच्चारला जात नाही.

अर्थच्छटा

* निव्वळ कालवाचक : 'पोस्टवॉर' (युद्धोत्तर), 'पोस्टप्रँडिअल' (जेवणानंतरचा). मधुमेहाच्या तपासणीत जेवणानंतरची रक्तशर्करा 'पीपी' या अक्षरांनी दर्शवितात, ती याच शब्दावरून.
* स्थलवाचक : शरीररचनाशास्त्रात 'मागील बाजूचा' या अर्थी. व्याकरणातील 'पोस्टपोझिशन' म्हणजे नामानंतर येणारे अव्यय. मराठीतील 'झाडाखाली', 'घरापुढे' यांतील शब्दयोगी अव्यये या प्रकारची आहेत.
* कार्यकारणवाचक : 'पोस्ट-ट्रॉमॅटिक स्ट्रेस डिसऑर्डर' (आघातोत्तर ताणविकार) या संज्ञेत विकार आघातानंतर येतो एवढेच नव्हे, तर तो आघातामुळे उद्भवतो, असे अभिप्रेत असते.
* वैचारिक : 'पोस्ट-इम्प्रेशनिझम', 'पोस्ट-इंडस्ट्रिअल', 'पोस्टमॉडर्न' इत्यादी. येथे आधीच्या प्रवाहाशी असलेले नाते आणि त्याविषयीची चिकित्सा या दोन्ही गोष्टी सूचित होतात.

'नंतर' आणि 'मुळे' यांतील गल्लत

एखादी गोष्ट दुसरीच्या नंतर घडली, एवढ्यावरून ती तिच्यामुळेच घडली असे मानणे हा तर्कदोष आहे. पाश्चात्त्य तर्कशास्त्रात तो 'पोस्ट हॉक' या नावाने ओळखला जातो. मराठीत अशा योगायोगाला 'काकतालीय न्याय' म्हणतात, तर बोलीत 'कावळा बसायला आणि फांदी मोडायला एकच गाठ' ही म्हण रूढ आहे. औषध घेतल्यानंतर ताप उतरला, तरी तो औषधानेच उतरला हे स्वतंत्रपणे सिद्ध करावे लागते.

समाप्तीविषयीचा वाद

'पोस्ट-' म्हणजे आधीची अवस्था संपली असे गृहीत धरता येत नाही. बिल अ‍ॅशक्रॉफ्ट, गॅरेथ ग्रिफिथ्स व हेलन टिफिन यांनी 'द एम्पायर राइट्स बॅक' (१९८९) या ग्रंथात 'पोस्ट-कलोनिअल' ही संज्ञा वसाहतीकरणाच्या क्षणापासून आजपर्यंत त्याचा प्रभाव पडलेल्या सर्व संस्कृतीसाठी वापरली. या अर्थाने स्वातंत्र्यापूर्वीचे लेखनही तिच्या कक्षेत येते. इतिहासलेखनात मात्र हीच संज्ञा पुष्कळदा 'स्वातंत्र्यानंतरचा काळ' एवढ्याच अर्थाने येते. त्यामुळे वाचकाने संदर्भ पाहूनच अर्थ ठरवावा लागतो. ऑक्सफर्ड शब्दकोशांनी २०१६चा 'वर्षाचा शब्द' म्हणून निवडलेल्या 'पोस्ट-ट्रुथ' या शब्दातही सत्य संपल्याचे विधान नाही. लोकमत घडविताना वस्तुस्थितीपेक्षा भावनांचा प्रभाव अधिक ठरतो, असा त्याचा आशय आहे.

मराठी प्रतिशब्द

मराठीत या उपसर्गासाठी मुख्यतः 'उत्तर' आणि 'पश्चात' हे शब्द वापरतात. 'उत्तर' शब्दाच्या शेवटी आला असता संधी होतो : युद्ध + उत्तर = युद्धोत्तर, पदवी + उत्तर = पदव्युत्तर. १९६० नंतरच्या मराठी साहित्याला 'साठोत्तरी' म्हणतात.

'उत्तर' आरंभी आल्यास अर्थ बदलू शकतो. 'उत्तररात्र' म्हणजे रात्रीनंतरचा काळ नव्हे, तर रात्रीचाच शेवटचा भाग. 'उत्तरार्ध' आणि 'उत्तरायुष्य' यांचेही तसेच. म्हणून 'उत्तर-आधुनिक' या रूढ प्रतिशब्दातून 'आधुनिक काळाचा शेवटचा टप्पा' आणि 'आधुनिकतेनंतरचा' असे दोन अर्थ संभवतात. 'आधुनिकोत्तर' या पर्यायात ही संदिग्धता राहत नाही.

काही प्रतिशब्दांत कालवाचक घटक आढळत नाही. 'पोस्टमॉर्टेम'साठीच्या 'शवविच्छेदन' या शब्दात काळाऐवजी कृती सांगितलेली आहे. 'पोस्टस्क्रिप्ट'साठी 'ताजा कलम' (ता.क.) रूढ आहे.

साम्य असलेले इतर शब्द

'पोस्ट' या अक्षरांनी सुरू होणाऱ्या सर्वच इंग्रजी शब्दांत हा उपसर्ग नसतो. टपाल या अर्थाचा 'पोस्ट' आणि त्यावरून झालेले 'पोस्टमन', 'पोस्टकार्ड' हे शब्द 'ठेवणे' या अर्थाच्या लॅटिन क्रियापदापासून आले आहेत. खांब या अर्थाच्या 'पोस्ट'चे मूळ याहून वेगळे आहे. भारतीय इंग्रजीत 'पोस्टपोन'च्या धर्तीवर 'ठरलेल्या वेळेआधी घेणे' या अर्थाचा 'प्रिपोन' हा शब्द प्रचलित आहे.