जुन्या अमेरिकन गिटारी : इतिहास, पारख आणि जतन

आज सुरुवात एका मोडलेल्या गिटारीपासून करू. २०१५ साली 'द हेटफुल एट' नावाचा अमेरिकन चित्रपट आला. त्यात एक पात्र दुसऱ्या पात्राच्या हातातली गिटार हिसकावून खांबावर आपटतं. ठरलं असं होतं की आपटण्याआधी चित्रीकरण थांबवायचं आणि खरी गिटार बाजूला ठेवून नक्कल द्यायची. तेवढं मात्र झालं नाही. अभिनेत्याला कल्पना नव्हती, त्याने खरीच फोडली. ती १८७० च्या दशकातली मार्टिन गिटार होती, कंपनीच्या संग्रहालयाने उसनी दिलेली. समोरच्या अभिनेत्रीची किंकाळी पडद्यावर दिसते ती खरी आहे! विम्याचे पैसे मिळाले, पण यापुढे चित्रपटांना वाद्यं देणार नाही, असं संग्रहालयाने जाहीर केलं.

आता प्रश्न असा, की त्या दिवशी नक्की गेलं काय? लाकूड अजूनही मिळतं, कारागीरही आहेत, कंपनी तर आजही चालू आहे. मग ते भरून का येत नाही? आजचं व्याख्यान या एका प्रश्नाभोवती आहे.

थोडा इतिहास बघू. ख्रिश्चन फ्रेडरिक मार्टिन हा सॅक्सनीतल्या मार्कनॉयकिर्शेन गावचा. तिथे व्हायोलिन बनवणाऱ्यांच्या संघाचं म्हणणं, की गिटार बनवण्याचा हक्क आमचा, सुतारांचा नाही. मार्टिनचं घराणं सुतारांच्या संघातलं. या भांडणांना कंटाळून तो १८३३ मध्ये न्यूयॉर्कला आला आणि काही वर्षांनी पेनसिल्व्हेनियातल्या नाझरेथला स्थिरावला. गिटारीच्या वरच्या फळीला आतून आधार देणाऱ्या पट्ट्या इंग्रजी एक्स अक्षरासारख्या फुलीत बसवायची पद्धत त्याच्या कारखान्यात रुळली. तेव्हा तारा आतड्याच्या असत. पुढे १९२० च्या दशकात पोलादी तारा आल्या, ताण कितीतरी वाढला, आणि तो पेलायला ही जुनी फुली कामी आली.

१९३० च्या दशकातल्या मार्टिन गिटारींत या पट्ट्या मध्ये कोरून हलक्या केलेल्या असत. त्यामुळे फळी मोकळी हलते, आवाज भरदार येतो. पण लोक जाड तारा लावायचे, फळ्या फुगायच्या आणि गिटारी दुरुस्तीला परत यायच्या. शेवटी १९४४ च्या अखेरीस कंपनीने कोरणं बंद केलं. गंमत बघा, कंपनीच्या दृष्टीने ही सुधारणा होती. संग्राहक मात्र आज त्या 'नाजूक' गिटारींसाठीच जास्त पैसे मोजतात.

असंच दुसरं उदाहरण गिब्सनचं. तेव्हा ही कंपनी कॅलमझू, मिशिगन इथे होती. १९५२ मध्ये तिने लेस पॉल ही भरीव लाकडाची इलेक्ट्रिक गिटार काढली. १९५८ ते १९६० या काळात ती 'सनबर्स्ट' रंगात आली, म्हणजे मध्ये पिवळी आणि कडेला लाल होत जाणारी. ती खपली नाही. १९६१ मध्ये कंपनीने आकारच बदलून टाकला. मग १९६६ मध्ये एरिक क्लॅप्टनने जॉन मेयॉलच्या 'ब्लूजब्रेकर्स' बरोबरच्या तबकडीत लेस पॉल वाजवली आणि तरुण वादक दुकानांतून जुन्या लेस पॉल शोधू लागले. १९६८ मध्ये गिब्सनला ती पुन्हा बनवायला घ्यावी लागली! त्या काळच्या लाल रंगाचंही असंच. उन्हाने तो उडून जायचा. त्यामुळे कुठली गिटार मधासारखी झाली, कुठली लिंबासारखी. रंगातला हा दोष आज प्रत्येक गिटारीची ओळख ठरला आहे.

तिसरं नाव फेंडर. लिओ फेंडर मूळचा रेडिओ दुरुस्त करणारा, कॅलिफोर्नियातल्या फुलरटनचा. त्याने मान आणि धड वेगवेगळं बनवून स्क्रूने जोडलं, म्हणजे बिघडलेला भाग काढून दुसरा बसवता येईल. १९५० ची ब्रॉडकास्टर, नावाच्या वादामुळे १९५१ मध्ये झालेली टेलिकास्टर, १९५४ ची स्ट्रॅटोकास्टर, सगळ्या याच विचाराच्या. जानेवारी १९६५ मध्ये सीबीएस कंपनीने फेंडर १.३ कोटी डॉलरला विकत घेतली. पुढच्या काही वर्षांत वादक म्हणू लागले, की नव्यापेक्षा जुनी बरी. 'व्हिंटेज' गिटारीचा बाजार इथून आकाराला आला. १९७० मध्ये जॉर्ज ग्रून यांनी नॅशव्हिलला दुकान काढलं, आणि 'जुनी' म्हणजे 'वापरलेली, स्वस्त' हा अर्थ हळूहळू मागे पडला.

बरं, बाजार आला की खोटा मालही आला. फेंडरचे भाग सुटे होतात म्हणालो ना, तीच सोय लबाडालाही सापडली. १९६२ ची मान, १९७१ चं धड, नवीन रंग, आणि 'अस्सल' म्हणून विक्री. मग पारख कशी करायची?

पहिली गोष्ट, अनुक्रमांकावर एकट्यावर विसंबायचं नाही. जुन्या फेंडरचा क्रमांक मानेच्या मागच्या धातूच्या पट्टीवर असतो आणि ती पट्टी चार स्क्रू काढले की निघते. त्यामुळे आपण मान सोडवून तिच्या बुडावरची तारीख बघतो. मग आवाज कमी-जास्त करणाऱ्या बटणाखालचा भाग बघतो. त्यावर आकडे ठोकलेले असतात. समजा ३०४६३१२ असा आकडा आहे. ३०४ हा बनवणाऱ्या कंपनीचा संकेत, ६३ म्हणजे १९६३, आणि १२ म्हणजे बारावा आठवडा. पण जपून! त्या आठवड्यात तो सुटा भाग बनला, गिटार नव्हे. फेंडरने असे भाग घाऊक घेऊन पुढे कित्येक महिने, कधी वर्षंही वापरले. म्हणजे हा आकडा 'याच्या आधीची नाही' एवढंच सांगतो. आणि तिथलं सोल्डरिंग पुन्हा केलेलं दिसलं, तर तेवढीही खात्री राहत नाही.

दुसरी गोष्ट रंग. जुनं नायट्रोसेल्युलोज लॅकर पिवळं पडतं, थंडी-उष्णतेने त्याला बारीक चिरा जातात. अंधाऱ्या खोलीत अतिनील दिव्याखाली ते हिरवट-पिवळं चमकतं, आणि नंतर मारलेला रंग ठिगळासारखा वेगळा उठून दिसतो. बाजारातला ठोकताळा असा, की पुन्हा रंगवलेल्या गिटारीची किंमत निम्म्यावर येते. आवाज बहुधा तोच असतो, तरी निम्मी. कारण रंग खरवडला की त्याखालचा पुरावाही गेला.

इथे आपण पहिल्या प्रश्नापाशी आलो. जुनी गिटार हे वाद्य आहे आणि दस्तऐवजही आहे. कुठलं लाकूड होतं, सरस कसा लावला, पट्ट्या कुठवर कोरल्या, हे सगळं त्या एका वस्तूतच नोंदलेलं असतं. चित्रपटात फुटली ती नोंद.

काही लोक विचारतात, मग गिटारी कपाटात बंद करून ठेवायच्या का? आमचं मत, नाही. क्लॅप्टनच्या 'ब्लॅकी'चं उदाहरण घ्या. त्याने १९७० मध्ये नॅशव्हिलला जुन्या स्ट्रॅटोकास्टर घेतल्या, काही मित्रांना दिल्या, आणि उरलेल्या तिघींचे चांगले भाग जोडून एक गिटार बनवली. दुकानदाराच्या फूटपट्टीने बघाल तर तिन्ही खराब केल्या. पण तीच २००४ मध्ये लिलावात ९,५९,५०० डॉलरला गेली, कारण ती कित्येक वर्षं मंचावर वाजली होती. वाजवणं हाही इतिहासाचाच भाग आहे. फरक करायचा तो देखभाल आणि बदल यांत. तारांच्या ताणाने मान पुढे झुकली, म्हणून वाफेने सांधा सोडवून ती नीट बसवली, ही देखभाल. चकाकी यावी म्हणून पॉलिश मारलं, हा बदल. तो परत फिरवता येत नाही.

आणि लाकडाचं काय? मार्टिनच्या जुन्या गिटारींना मागे आणि बाजूंना ब्राझीलचं रोझवूड असे. ते मिळेनासं झालं, तेव्हा १९६९ मध्ये कंपनी भारतीय रोझवूडकडे वळली. ते झाड म्हणजे आपला शिसव, सह्याद्रीत वाढणारा. आजीच्या शिसवी पेटीचा आणि नाझरेथच्या गिटारीचा असा संबंध आहे. ब्राझीलच्या रोझवूडचा आंतरराष्ट्रीय व्यापार १९९२ पासून जवळजवळ बंद आहे, त्यामुळे जुनी मार्टिन विकण्यासाठी देशाबाहेर न्यायची तर परवान्याचे कागद लागतात. म्हणजे ती झाडंही संपत आली आणि त्यांच्या गिटारीही मोजक्याच उरल्या.

शेवटी एक कामाची गोष्ट. अमेरिकेतल्या तुमच्या कुणा नातेवाइकाला तळघरात, जुन्या सामानाच्या विक्रीत अशी गिटार सापडली, तर त्यांना एवढं सांगा. पुसायला ओला फडका किंवा पॉलिश नको. गंजलेले स्क्रू, तुटकी बटणं, मूळ पेटी, पेटीतली पावती, काहीही फेकू नका. तारा थोड्या सैल करा. जुनं सेल्युलॉइड चुरचुरीत होऊन वास मारत असेल, तर पेटी बंद ठेवू नका, त्या वाफेने धातू खराब होतो. आधी फोटो काढा, मग जाणकाराकडे जा. आणि त्याने जागेवरच विकत घ्यायची तयारी दाखवली, तर दुसऱ्या जाणकाराला दाखवल्याशिवाय हो म्हणू नका.

आता प्रश्न घेऊ.