सिंदखेडच्या वाड्याचे धनी

ज्या वास्तूत १२ जानेवारी १५९८ रोजी जिजाबाईंचा जन्म झाला, तो सिंदखेडराजाचा वाडा केवळ निवासस्थान नव्हता. सिंदखेडच्या देशमुखीचे ते प्रत्यक्ष अधिष्ठान होते, आणि दरबाराची मर्जी फिरली की वतन व वास्तू या दोहोंवरही संकट येई. १६२९ मध्ये निजामशाही दरबारात, देवगिरीच्या किल्ल्यावर, जिजाबाईंचे वडील लखुजी जाधवरावांसह त्यांचे दोन पुत्र व एक नातू यांचा घात झाला, तरी घराणे संपले नाही. त्याची एक शाखा जवळच्याच देऊळगावराजा येथे नांदली. पुढे १८५१ मध्ये पदरच्या अरब शिबंदीने हैदराबादच्या निजामाच्या सरकारी फौजेशी केलेल्या झुंजीचा ठपका या घराण्यातील बाजीराव जाधवांवर येऊन वडिलार्जित जहागीर जप्त झाली आणि १८५६ मध्ये ते राजबंदी म्हणूनच वारले. मधल्या काळात, १८५३ मध्ये, वऱ्हाडचा मुलूखच निजामाकडून इंग्रजांच्या कारभाराखाली गेला होता. म्हणजे जप्ती करणाऱ्याच्या हातीही तो दोन वर्षेच राहिला! सिंदखेडचा वाडा आज राज्य संरक्षित स्मारक असून दरसाल १२ जानेवारीस तेथे जनसागर लोटतो.